पाळकसाहेबांची वाळवी

कर्जतच्या आमच्या छापखान्यात एक प्रेसबिटेरियन पाळकसाहेब यायचे. चौक गावातल्या आपल्या सोळा घरांच्या ख्रिस्ती मंडळीचा इतिहास त्यांनी लिहिला होता. प्रुफं वाचताना ते पेन्सिल कानावर ठेवत आणि मग तीच टेबलाखाली शोधत बसत.

सोळाही घरांचं म्हणणं एकच, पहिला बाप्तिस्मा आमच्याच आजोबांचा. जुन्या नोंदवहीत मात्र पहिलं नाव निघालं एका कातकरी बाईचं. तेव्हा चर्चचा कारभार बघणारे वडीलजन थेट छापखान्यात आले.

"साहेब, ते नाव वाळवीनं खाल्लं असं लिवा," त्यांतले थोरले म्हणाले. "आमी कुणाला सांगनार नाय."

पाळकसाहेबांनी चष्मा पुसला. "तसा ठराव झालाय?"

"हाय की, एकमतानं."

"मग लिहायलाच हवं."

त्यांनी तिथंच ओळ लिहून दिली. मला त्यांचा रागच आला. एवढा शिकलेला माणूस, आणि शेपूट घातली. वडीलजन खुशीत गेल्यावर मी छपाईसाठी अक्षरांचे खिळे जुळवायला बसलो, तेव्हा ती ओळ नीट वाचली.

'पहिले नाव वाळवीने खाल्ले, असा वडीलजनांचा एकमताने ठराव आहे. ते नाव पुढीलप्रमाणे.'

नावासाठी मी छापखान्यातले सर्वांत मोठे खिळे काढले.