एका फाईलपायी पोरीचा प्रोजेक्ट गेला

बायांनो, आज डोकं लय तापलं आहे, म्हणून लिवून राह्यली.

सकाळपासून पोरीच्या लॅपटॉपवर वायफाय लागे ना. कोणती तरी डीएलएल फाईल सापडत नाही, असं लिवून येत होतं. कारंज्याले लॅपटॉप दुरुस्तीच्या दुकानात नेला.

पोरगी दुकानदाराले म्हणे, "दादा, विंडोजची ती एकच फाईल गेली, तेवढीच दुरुस्त करा. फॉरमॅट नका मारू, माहा कॉलेजचा प्रोजेक्ट आहे त्यात."

त्यानं तिच्याकडं पाह्यलंच नाही. मले म्हणे, "काकू, पोरीले यातलं काय समजते? फॉरमॅटच मारा लागते."

अन् म्या पोरीलेच दटावलं, "मोठ्या माणसाच्या मधात बोलू नको." त्याले म्हटलं, "मारा भाऊ."

वायफाय चालू झालं, पण प्रोजेक्ट साफ उडाला. उद्या जमा करायचा आहे. म्या जाब विचारला तं मेला हासून म्हणे, "काकू, तुमीच तं हो म्हटलं!"

त्याचा राग येतेच, पण माह्यावर जास्त येते. पोरगी माह्यासंग बोलत नाही, पहिल्या पानापासून टाईप करत बसली आहे.

तिले शिकाले मीच पाठवलं, अन् ती शिकलेलं बोलली तं मीच तिचं तोंड बंद केलं. मंग आपण पोरी शिकवतो कायले, सांगा बरं?