न मोडणारी बंदूक

उद्धवरावांच्या घरात 'मोडली' हा शब्द शुभ होता. ड्यूटीवरून आले की चिखलीतल्या आपल्या दोन खोल्यांच्या उंबऱ्यातच ते आपली दोन नळ्यांची बंदूक, दुनळी, मधोमध उघडायचे, काडतुसं काढून खिशात घालायचे आणि वाकलेली बंदूक डाव्या कोपरावर टांगूनच आत यायचे. याला बंदूक मोडणं म्हणतात. आतून बायको, मंजुळाबाई, विचारायच्या, "मोडली का वो?" हे म्हणायचे, "मोडली." मगच चहाचं आधण चढायचं. मंजुळाबाईंचा भाऊ भरलेली बंदूक पुसताना गेला होता. तेव्हापासूनचा हा शिरस्ता, एकतीस वर्षांत एकदाही चुकला नाही.

बाकी उद्धवराव साधा माणूस. चाकण-आकुर्डी पट्ट्यात एटीएममध्ये नोटा भरणाऱ्या गाडीवर गनमन. मिशा तेवढ्या फौजदाराच्या. इतक्या वर्षांत कुणावर बार काढायची वेळ आली नाही, याचाच त्यांना अभिमान. सिक्युरिटी एजन्सीने त्यांना ठेवलं होतं ते पदरी स्वतःची बंदूक आणि लायसन्स होतं म्हणून. असे दहा-बारा दुनळीवाले तिथे होते, सगळे पन्नाशी ओलांडलेले.

गेल्या वर्षी एजन्सीला सेमी-ऑटोमॅटिक बंदुका घ्यायचं सुचलं. एकदा भरली की पाच काडतुसं, नुसता चाप दाबत जायचं. बंदुका एजन्सीच्या झाल्या की माणसं कुठलीही चालतील, म्हणजे दुनळीवाले घरी. आणि नमुन्याची बंदूक चालवून बघायला निवडलं कोणाला, तर उद्धवरावांना. का, तर हा माणूस खोटं बोलत नाही. चांगुलपणाचा लोक असाही उपयोग करून घेतात. जोडीदार कुलदीप आदल्या दिवशी त्यांच्या कानाशी लागला, की काहीतरी खोट काढा राव, सगळ्यांच्या पोटाचा प्रश्न आहे. उद्धवराव हो म्हणाले नाहीत आणि नाहीही.

राजगुरुनगरच्या पुढे नेमबाजीच्या एका रेंजवर एजन्सीचा मॅनेजर शार्दूल चाचणीचा फॉर्म घेऊन उभा होता. उद्धवरावांनी बंदूक खांद्याला लावली. दुनळीपेक्षा जड, पण तोल सुरेख. दोन बार झाले आणि त्यांचा अंगठा सवयीने मोडायची कळ शोधू लागला. तिथे कळच नव्हती. अजून तीन काडतुसं आहेत, असं म्हणत शार्दूल हसला. तेही ओशाळून हसले. सरावाच्या दिवशी दुनळी खांदा काळानिळा करायची. हिचा धक्का निम्मासुद्धा नव्हता. खांदा दुखला नाही याचंच त्यांना वाईट वाटलं.

एकोणिसाव्या बाराला बंदूक अडकली. रिकामं काडतूस बाहेर पडेना. मागे कुलदीपने चक्क आभाळाकडे बघून हात जोडले. शार्दूलने पेन उघडलं. नोटांच्या गाडीवर अडकणारी बंदूक कोण घेईल? उद्धवरावांनी फक्त गप्प बसायचं होतं. त्यांनी ते काडतूस बोटांनी ओढून काढलं आणि उन्हात धरलं. बुडाच्या पितळेवर हिरवा गंज चढला होता. कमी पडायला नकोत म्हणून त्यांनी घरच्या जुन्या डब्यातली मूठभर आणली होती, त्यातलंच हे एक.

"बंदुकीत खोट न्हाई, साहेब," ते म्हणाले. "काडतूस माझं हाय. सादळलंय."

कुलदीप परतीच्या वाटेवर खिडकीकडे तोंड फिरवून बसला. त्याचं तरी काय चुकलं? उद्धवरावांनी निघताना एकच उणीव सांगितली होती: ही मोडत नाही, त्यामुळे रिकामी आहे की भरलेली ते समोरच्याला लांबून कळत नाही. शार्दूलने फॉर्म वरखाली पाहिला. त्यासाठी रकाना नव्हता.

दोन महिन्यांत दुनळीवाल्यांना निरोपाची पत्रं मिळाली. नोकरीच नाही तर घरात बंदूक कशाला, म्हणून शेवटच्या दिवशी उद्धवरावांनी परस्पर बंदुकीच्या दुकानात जाऊन ती जमा केली. दुकानदाराच्या हातात देतानाही मोडूनच दिली. मग नेहमीच्या वेळी घरी आले आणि उंबऱ्यात थबकले.

आतून नेहमीचाच प्रश्न आला, "मोडली का वो?"

"मोडली," ते म्हणाले. पण तो आवाज असा आला की मंजुळाबाई हातातलं भांडं तसंच घेऊन बाहेर आल्या. उद्धवराव दारात उभे होते. डावा हात कोपरात वाकवून धरलेला होता आणि त्याच्यावर काहीच नव्हतं.