रिकाम्या खोलीचा शॉट

भवानी पेठेतल्या आमच्या खोलीत आई उंबऱ्याशी बसून विड्या वळायची. दारातून येईल तेवढाच उजेड. तिच्या शेजारी जमिनीवर बसूनच मी जग पाहिलं, म्हणून असेल, पुढे कॅमेरामन झालो तरी माझा कॅमेरा जमिनीलगतच राहिला. लग्नाच्या शूटिंगमध्ये यावरून बोलणी खाल्ली. लहान सिनेमे करणाऱ्यांना मात्र तेच आवडलं. दिवे लावत नाही, दार उघडं ठेवतो, एवढीच माझी पद्धत.

तीन वर्षांपूर्वी केम गावाजवळच्या एका वस्तीवर शूटिंग होतं. घर शेरडं राखणाऱ्या एका म्हाताऱ्या बाईंचं. एकट्याच राहायच्या. भर दुपारी मी खोलीत कॅमेऱ्याची जागा शोधत होतो. त्या दारातून म्हणाल्या, "तितं नगं. मागं आला हुता तवा हितं लावला हुता की."

"मावशी, मी पहिल्यांदाच येतोय."

"व्हय?" म्हणत त्यांनी एक पोतं बाजूला सरकवलं. खाली सारवलेल्या जमिनीत तीन लहान खळगे होते. "कितीबी सारवलं तरी उमटत्यात."

मी ट्रायपॉड ठेवला. तिन्ही पाय खळग्यांत नेमके बसले. पाय इतके फाकवून कॅमेरा जमिनीलगत लावणारा दुसरा कोणी मला माहीत नाही.

"आमचं मालक म्होरं बसलं हुतं," त्या म्हणाल्या. "तुमी गेलासा, आन् आठ दिसात त्ये गेलं. आता कुणाला बसवू नगासा."

तिथे हिरोईनला बसवायचं ठरलं होतं. मी दिग्दर्शकाला सांगितलं, चेहऱ्यावर उजेड पुरत नाही, रिकामी खोलीच घेऊ. तो चिडला, पण ऐकलं. कॅमेरा चालू करून मी सगळ्यांना बाहेर काढलं आणि स्वतःही शेरडांपाशी जाऊन बसलो.

आठवड्याने एडिटरचा फोन आला. "मधेच फोकस पुढे का आणलास?"

माझी लेन्स जुनी, फोकस हातानेच फिरवावा लागतो. मी जाऊन शॉट पाहिला. मागची भिंत हळूहळू धूसर होते. फोकस कॅमेऱ्यापासून दोन हातांवर, जिथे कोणीच बसलेलं नाही, तिथे येऊन थांबतो. बराच वेळ थांबतो. मग सावकाश भिंतीवर परततो.

दिग्दर्शकाने तो शॉट पूर्ण ठेवला. सिनेमा पाहून लोक विचारतात, हे सुचलं कसं. मी काहीतरी सांगून वेळ मारून नेतो. पण तेव्हापासून चालू कॅमेरा सोडून मी उठत नाही. चहासुद्धा तिथेच बसून घेतो.