घर हा संदर्भ होत नाही

चष्म्याच्या दुकानात डोळे तपासणारी ती सगळ्या गिऱ्हाइकांची ताई होती. एका भर दुपारी, मालक जेवायला गेलेले असताना, एक माणूस आत आला. त्याला दूरचंही छान दिसत होतं आणि जवळचंही. त्याने चाकू काढला, गल्ला रिकामा केला, ताईच्या मनगटावरचं घड्याळ उतरवून घेतलं आणि तिला तपासणीच्या अंधाऱ्या खोलीत ढकलून बाहेरून कडी घातली. मालक परतले तेव्हाच ती सुटली.

साधं खरचटलंही नव्हतं. त्यामुळे बोलणाऱ्यांना रान मोकळं मिळालं. मालक म्हणाले, "नशीब, मशीन शाबूत आहे." मावशी म्हणाली, "ते घड्याळ तसंही मला कधी आवडलं नव्हतं." थोरला भाऊ शाळा तपासणाऱ्या खात्यात होता. त्याने समाचाराला येऊन शाळाच घेतली.

"आतून दार का नाही लावलंस? ओरडली का नाहीस? बरं, चेहरा तरी नीट पाहिलास? डोळे तपासणारी ना तू!"

"दादा, दुकानाला आतून कडी लावली तर गिऱ्हाईक येणार कुठून?"

"उलट उत्तरं नकोत. तुझ्या भल्यासाठीच विचारतोय."

पहिल्या आठवड्यात ताईने उत्तरं दिली. मग ती गप्प राहायला लागली, आणि घरच्यांना वाटलं, चला, सावरली एकदाची.

ती सावरली नव्हती. खोलीचं दार लागलं की तिच्या हाताला घाम सुटायचा. म्हणून ती दार अर्धं उघडं ठेवून तपासायची. उजेड आत यायचा, नंबर चुकायचे, आणि चष्मे परत यायचे. मालक कपाळाला हात लावायचे.

आपल्याला झालंय तरी काय, हे कुणाला विचारायची सोय नव्हती. शेवटी तिने दुकानातल्या कॉम्प्युटरवर शोधलं. कुणीही लिहावं आणि कुणीही खोडावं असा एक ज्ञानकोश असतो, त्यात लेख सापडला: 'बळीकरणाचे परिणाम'. कुठल्याशा यंत्राने भाषांतर करून टाकलेला. 'बळी झोपेत पडण्यात अपयशी होतो. बळीला आधार देणारे कुटुंब हे असते.'

"अहो, बळी गेला तो झोपेल कशाला?" ताई एकटीच हसली. त्या घटनेनंतर पहिल्यांदाच. मग तिने खुर्ची पुढे ओढली आणि 'बळी'च्या जागी 'पीडित व्यक्ती' लिहायला घेतलं.

आठवडाभरात लेख माणसांत आला. मग तिने स्वतःचं एक वाक्य घातलं: 'घरचेच उलटतपासणी घेतात, तेव्हा पीडित व्यक्ती बोलणं थांबवते; गप्प बसणं म्हणजे बरं होणं नव्हे.' संध्याकाळपर्यंत वाक्य गायब. लेखावर 'पहारेकरी' नावाचा एक संपादक नजर ठेवून होता.

"ही माहिती कुठून घेतलीत?" त्याने चर्चेच्या पानावर विचारलं.

"माझ्या घरातून."

"घर हा संदर्भ होत नाही. पुस्तक दाखवा."

म्हणजे इथेही उलटतपासणी! ताईचा पारा चढला. जे आपल्यावर गुदरलं, ते खरं ठरवायला परक्याची सही आणायची? पण ती हट्टाला पेटली होती. ग्रंथालयात गेली. तिथल्या बाईंनी दार का लावलं नव्हतं वगैरे काही विचारलं नाही. मानसशास्त्राचं एक जाडजूड पुस्तक काढून दिलं. त्यात अगदी तेच होतं, फक्त जरा कोरड्या भाषेत. ताईने वाक्य पुन्हा घातलं, खाली पान क्रमांकासकट. पहारेकऱ्याने ते राहू दिलं. वर लिहिलं, "छान. जे झालं त्याबद्दल वाईट वाटलं." 'तुझ्या भल्यासाठी' असं न म्हणता तिच्याशी बोललेला हा पहिला माणूस, आणि त्याचं तोंडही तिने पाहिलं नव्हतं.

महिनाभराने एका रविवारी दादा मोबाइल नाचवत आला.

"अगं, तू जरा वाचत जा. इथे तज्ज्ञांनी काय लिहिलंय ऐक. 'घरचेच उलटतपासणी घेतात, तेव्हा...' बघ! मावशी तुझ्याशी कशी वागली ते अगदी हुबेहूब!"

ताईच्या ओठांवर आलं होतं. तिने ते गिळलं. आपण लिहिलंय म्हटलं असतं, तर त्याने शुद्धलेखन तपासलं असतं.

"पुढे काय म्हणतात तज्ज्ञ?" तिने विचारलं.

"म्हणतात, मधे न बोलता ऐकून घ्यावं." दादाने मोबाइल खिशात ठेवला आणि परीक्षेला बसल्यासारखा ताठ बसला. "हं. सांग. काय झालं होतं त्या दिवशी?"

ताईने सांगितलं. खोलीत अक्षरांचा तक्ता तेवढा उजळलेला होता. आपला आवाज शाबूत आहे हे कळावं म्हणून ती तीच अक्षरं मोठ्याने वाचत बसली होती, मोठ्या ओळीपासून बारीक ओळीपर्यंत, पुन्हा पुन्हा. ओरडायला गेली असती तर रडू फुटलं असतं.

"पण दार..." दादाच्या तोंडून निसटलं. त्याने जीभ चावली. मग चष्मा काढून तो बराच वेळ पुसत राहिला.

दुसऱ्या दिवशी तो दुकानात गेला आणि मालकांशी असा काही भांडला, की त्यांना तपासणीच्या खोलीची बाहेरची कडी काढून टाकावी लागली. आता ताई बहुतेक दिवस दार लावून तपासते. एखाद्या दिवशी नाही जमत. मालक कुरकुरतात, आणि त्या गिऱ्हाइकाला दुसऱ्या दिवशी बोलावतात.