निसारभाईला हवा होता लहान पट

बुद्धिबळ हा दोघांचा खेळ आहे असं पुस्तकात लिहिलेलं असतं. ते लिहिणारा कोल्हापूरच्या मंगळवार पेठेत कधी आलेला नसणार. आमच्या तालमीशेजारच्या कट्ट्यावर दोघं फक्त सोंगट्या हलवायला बसतात. खेळतात ते भोवतीचे बारा जण. त्या बारा जणांना नीट दिसावं म्हणून आमचा पटसुद्धा कॅरम बोर्डाएवढा. सोंगट्या अ‍ॅल्युमिनियमच्या. आकारामचं उद्यमनगरात लेथचं दुकान आहे, त्यानं स्वतः कातल्यात. त्यातला हत्ती कुणाच्या डोक्यात घातला तर टाके पडतील.

या पटावर निसारभाई मुल्लाणी वीस वर्षं राज्य करत होता. तो एसटीचा रिटायर ड्रायव्हर. मलकापुरावरून रत्नागिरीची गाडी एकतीस वर्षं आंबा घाटातून खाली-वर नेली आणि कुणाच्या म्हशीलासुद्धा खरचटू दिलं नाही. "ड्रायव्हरनं पुढं बगायचं नसतं मर्दा," तो सांगायचा, "पुढचं काय, आपसूक दिसतंय. बाजूचं बगायचं." पटावरही तसंच. तुम्ही राजाच्या पुढ्यात जोरदार कट शिजवत असायचा, आणि हा कोपऱ्यातल्या उंटानं तुमचा वजीर घेऊन बिडी पेटवायला मोकळा. बिडी बायकोनं, हुसेनबीनं, सोडवली; मग तो बडीशेप खायला लागला. एरवी फरक पडला नाही.

गेल्याच्या गेल्या वर्षी दिवाळीनंतर तो हरायला लागला.

हरला तर हरला, पण हरला तो आकारामला. आकाराम म्हणजे कट्ट्यावरचा सगळ्यात मोठा आवाज आणि सगळ्यात साधा खेळ. त्यानं कोपऱ्यात उंट आणून ठेवला, लपवला नाही, झाकला नाही. निसारभाईनं हत्ती नेऊन त्याच्या तोंडात दिला. एकदा नव्हे, एका आठवड्यात तीनदा.

"निसारभाई, घाटात बी असंच चालवायचास काय रं?" आकाराम ओरडला. "पाशिंजर कसं जित्तं ऱ्हायलं?"

बारा जण हसले. मीही हसलो. निसारभाई हसला नाही, त्यानं खुर्ची दोन हात मागं सरकवली आणि लांबून पटाकडं बघायला लागला. दुसऱ्या दिवशी आणखी मागं. सोंगटी हलवायला उठून यायचा, हलवून परत मागं जायचा. लोक म्हणाले, पेन्शन वाढलीय, माज आलाय. कट्ट्यावरून उठताना तो विजेच्या खांबाला खांदा धडकून गेला, तेव्हाही आम्ही हसलो. "खांबाला साइड दे की!"

त्या दिवशी घरी जाताना तो मला म्हणाला, "ज्ञानू, दोनी बाजूला धुकं आल्यागत हुतंय बग. मदलं झ्याक दिसतंय. पट जवळ घेतला की कोपरं जात्यात."

"मोतीबिंदू," मी म्हणालो. मी पोस्टात कारकून होतो. माझ्या वैद्यकीय ज्ञानाबद्दल पेठेत कुणाला शंका नाही.

"मला बी त्येच वाटतंय. आमच्या अब्बांना हुता. पिकू द्यायचा असतोय. कच्चा काडला तर डोळा जातोय म्हनं."

"आमच्या आईचा तीन वर्षं पिकू दिला," मी म्हणालो. हे खरं होतं. चाळीस वर्षांपूर्वी तेव्हाच्या डॉक्टरनंच तसं सांगितलं होतं. चाळीस वर्षांत दवाखान्यात काही बदललं असेल हे माझ्या मनातसुद्धा आलं नाही. आम्ही दोघं रस्त्यात उभं राहून एका माणसाच्या डोळ्यांचा निकाल लावून मोकळे झालो, पानपट्टीवर पान सांगावं तसं.

"घरात बोलू नगंस," तो म्हणाला. "हुसेनबी पोराला, नईमला, पुण्याला फोन लावंल, नईम स्कूटरची किल्ली काडून घील. आनि कट्ट्यावर तर अजिबात न्हाय. आकाराम पेठेत दवंडी पिटंल, ड्रायव्हर आंधळा झाला म्हनून."

"आणि तोवर खेळायचं कुठं?"

"लहान पट बग कुठं असला तर. वीतभर असला तर सगळा नदरंत मावतोय."

मला काम मिळालं. रिटायर माणसाला दुसऱ्याचं काम मिळालं की काय होतं ते रिटायर माणसालाच ठाऊक. कोल्हापुरात बसून खेळायच्या जागा कुठं कुठं आहेत याची मी वहीत यादी केली आणि निसारभाईच्या मागं बसून, म्हणजे त्याच्याच स्कूटरवर बसून, शोधमोहिमेला निघालो. बाजूचं न दिसणारा माणूस चालवत होता आणि मी मागं बसून डावीकडं-उजवीकडं हात दाखवत होतो.

पहिली जागा एक वाचनालय. तिथं संध्याकाळी बुद्धिबळाचं टेबल असतं आणि पट बेताचा. पण भिंतीवर ‘शांतता राखा’ची पाटी. निसारभाईनं पहिल्याच डावात "शह!" म्हटलं ते बाहेर पार्किंगमध्ये ऐकू गेलं. ग्रंथपालबाई आल्या. "काका, मनात म्हणा." मनात शह देणं आम्हाला जमेना. शह ऐकून समोरच्याचं तोंड उतरतं, त्यासाठी तर खेळायचं. चौथ्या दिवशी आम्ही आपणहून गेलो नाही.

दुसरी जागा ज्येष्ठ नागरिकांचं विरंगुळा केंद्र. तिथं पट होता, पण दोन प्याद्यांच्या जागी सोड्याच्या बाटलीची बुचं होती आणि घोड्याला मान नव्हती. अर्धा वेळ अध्यक्षांचं भाषण. उरलेल्या वेळात सगळे रमीकडं. तिथं दोन महिने काढले. समोर बसणारे इतके संथ की एकदा एका आजोबांना चाल करायला उठवावं लागलं. निसारभाई जिंकायचा, पण तोंड वाळलेलं. "झोपल्याल्या मान्साला मात दिऊन काय करायचं गा?"

मग राजारामपुरीतली दीक्षा कांबळे सापडली. म्हणजे तिचं पत्रक सापडलं, एका कॅफेच्या काचेवर चिकटवलेलं: दर रविवारी चार वाजता, वरच्या मजल्यावर, पटावरचे खेळ, सगळ्या वयाच्यांना निमंत्रण. तिशीच्या आतली मुलगी, घरातून कॉम्प्युटरवर नोकरी करणारी, आठवड्याचा शीण रविवारी असा घालवणारी. सगळ्या वयाच्यांना निमंत्रण होतं, पण साठीवरचे कुणी येतील असं तिला बहुतेक वाटलं नसावं. आम्हाला बघून ती आधी म्हणाली, "काका, कुणाला शोधताय?"

"खेळायला आलोय," निसारभाई म्हणाला.

तिथं पंधरा-वीस पोरंपोरी होती आणि टेबलावर असले असले खेळ की आमची मती गुंग झाली. कुणी आगगाड्यांचे रूळ टाकत होतं, कुणी मेंढ्या देऊन विटा घेत होतं. नियमांची पुस्तकं आमच्या नोकरीच्या नियमांपेक्षा जाड. पण दीक्षाच्या पिशवीत एक बुद्धिबळ होतं, प्रवासात खेळायचं, लोहचुंबकाचं, तळहाताएवढं. निसारभाईनं ते हातावर घेतलं आणि त्याचा चेहरा असा उजळला की मला माझाच अभिमान वाटला.

"सगळं दिसतंय ज्ञानू," तो माझ्या कानात म्हणाला. "चारी कोपरं."

त्या दिवशी त्यानं चार जणांना हरवलं. एक पोरगा म्हणाला, "काका, तुम्ही ऑनलाइन खेळता का?" "न्हाय पावनं," हा म्हणाला, "आमी एसटीत खेळतोय." पोरं त्याच्यावर खूश. वरच्या मजल्यावर मोठ्यानं शह द्यायला बंदी नव्हती. आठवडाभर तो रविवारची वाट बघायचा. हुसेनभाभी मला म्हणाल्या, "कुठं न्हेताय ह्येन्ला? लगीन ठरल्यागत दाढी करून जात्यात." आम्ही आठ महिने तिथं गेलो. वहीत मी त्या नावासमोर बरोबरची खूण केली होती.

पुढं पुढं तो तळहाताएवढा पटही लांब धरायला लागला. मला वाटलं, मोतीबिंदू पिकत आला.

फेब्रुवारीतल्या एका रविवारी दीक्षानं त्याच्या डाव्या कोपराशी चहाचा कप ठेवला. त्यानं सोंगटी उचलायला हात नेला आणि कप तिच्या खेळाच्या पुठ्ठ्यावर आडवा झाला. पोरं पुसायला धावली. दीक्षा पुसत नव्हती. ती त्याच्याकडं बघत होती.

"काका, माझ्या नाकाकडं बघा. आता हा हात दिसतोय?"

तिनं हात स्वतःच्या कानाजवळ धरला होता.

"कुठला हात?"

तिनं हात आत आत आणला. जवळजवळ गालाला लागला तेव्हा तो म्हणाला, "हां, आता."

"काका, कधीपासून असं आहे?"

"मोतीबिंदू हाय," मी मध्येच तोंड घातलं. "पिकायची वाट बघतोय."

"हा मोतीबिंदू नाही," ती म्हणाली. तिचा आवाज एकदम बारीक झाला होता. "आमच्या पारूआज्जीला असंच झालं होतं. मध्ये दिसायचं, कडेनं जात गेलं. काका, उद्याच्या उद्या जा. प्लीज."

उद्याच्या उद्या डोळ्यांच्या दवाखान्यात गेलो. यंत्रात हनुवटी ठेवून झाली, ठिपका दिसला की बटण दाबायचं तेही झालं. निसारभाईनं बटण फार कमी वेळा दाबलं. डॉक्टरीणबाईंनी कागद समोर ठेवला. दोन डोळ्यांचे दोन गोल होते, जवळजवळ पूर्ण काळे, मध्ये बोटाच्या पेराएवढं पांढरं.

"काचबिंदू," त्या म्हणाल्या. "डोळ्यातला दाब खूप वाढलाय, मागची नस सुकत आलीय. त्रास कधीपासून?"

"सव्वा वरीस."

"सव्वा वर्षं काय करत होता?"

निसारभाई म्हणाला, "बुद्धिबळ खेळत हुतो."

त्याला हे विनोदानं म्हणायचं नव्हतं, आणि बाईही हसल्या नाहीत. गेलेलं परत येत नाही, त्या म्हणाल्या. ऑपरेशननंसुद्धा नाही. थेंबांनी उरलेलं राखायचा प्रयत्न करू. मी विचारलं, "तेव्हाच आलो असतो तर?" त्यांनी माझ्याकडं पाहिलं आणि थेंब दिवसातून किती वेळा घालायचे ते लिहायला लागल्या. एवढ्यानं माझं उत्तर मला मिळालं.

हुसेनभाभी मला रागावल्या असत्या तर बरं झालं असतं. त्यांनी चहा केला, बशीत खारी ठेवली, आणि दाराच्या चौकटीला टेकून उभ्या राहिल्या.

"ज्ञानूभाऊ, मला एक शबूद सांगितला असतासा तर मी फरफटत न्हेलं असतं."

"हो भाभी."

"मी म्हनायची, बरं झालं, ज्ञानूभाऊ हायेत संगं." त्यांनी पदरानं तोंड पुसलं. "खावा, खारी मऊ पडंल."

मी खाल्ली. नाही म्हणायची माझी हिंमत नव्हती.

बातमी पेठेत पसरलीच. आकाराम निसारभाईच्या घरी आला. म्हणाला, "निसारभाई, ये की कट्ट्यावर. मी चाली वरडून सांगतो."

"वरडायचं कशाला? कान हायेत की माझं."

मी त्याला हाताला धरून नेलं. बारा जण होते, पण त्या दिवशी एकानंही मध्ये तोंड घातलं नाही. आकाराम एकेक चाल हळू आवाजात सांगत होता. निसारभाई प्रत्येक घर बोटानं चाचपून, मान इकडून तिकडं फिरवून पट थोडा थोडा गोळा करत होता. एका डावाला दीड तास लागला. मग त्याच्या हत्तीनं आकारामचा वजीर घेतला, आणि आणखी चार चालींत मात. कट्ट्यावर टाळ्या वाजल्या. टाळ्या! आमच्या कट्ट्यावर जिंकणाऱ्याला शिव्या मिळतात.

निसारभाईनं त्या वजिराच्या घरावर बोट ठेवलं. मग वजीर जिथून आला त्या घरावर. मान वळवून दोन्ही घरं नीट बघून घेतली.

"आकाराम," तो म्हणाला, "वजीर तू सोडलास."

"चुकून ऱ्हायला गा."

"वीस वर्सांत तू मला एक प्यादं सोडलं न्हाईस."

आकारामनं खाली मान घातली. मोठा माणूस आहे तो, सहा फूट. डोळे पुसायला त्याला दोन्ही हात लागले. निसारभाईनं खांदा चाचपून त्याच्या पाठीवर थाप मारली आणि मला म्हणाला, "चल."

त्यानंतर तो कट्ट्यावर आलेला नाही. दीक्षा दोनदा घरी येऊन गेली, पोरं विचारतात म्हणाली. त्यानं तिला चहा पाजला आणि येतो कधीतरी म्हणून सांगितलं. वही मी फाडून टाकली. सध्या तो संध्याकाळी दारात खुर्ची टाकून बसतो. पुढं रस्त्यावरून गाड्या जातात, त्यातली एखादी नेमकी समोर आली की त्याला दिसते. हॉर्नवरून मात्र सगळ्या ओळखतो, कुठल्या डेपोची गाडी तेही सांगतो.

मी रोज जातो. तासभर बसतो. परवा उठताना विचारलं, "उद्या येऊ न्हवं?"

"ये की."

चार पावलं गेलो असेन. मागून आवाज आला.

"ज्ञानू, पट आनू नगंस."