शेवंता म्हणून हाक आली

आज दुपारी गुलमंडीत अस्तराचं कापड घेत होते. दुकानदाराशी घासाघीस चालू असताना मागून आवाज आला, "ए शेवंते! चष्मा लावून पण दिसत नाय का मी तुला?"

कॉलेजात माझ्या बाकावर बसणारी नजमा. चाळीस वर्षांनी भेटली.

तुम्ही सगळे मला स्वाती म्हणून ओळखता. माझ्या जन्माच्या वर्षी वडिलांनी फर्दापूरच्या शेतात पहिल्यांदा शेवंती लावली, म्हणून मी शेवंता. सासरी ते नाव गावंढळ वाटलं. लग्नात ह्यांनी ताटातल्या तांदळावर अंगठीनं 'स्वाती' लिहिलं. मला कुणी विचारलं नाही, मीही बोलले नाही. पुढं आईवडील गेले. गेल्या वर्षी भाऊ गेला, आणि त्या नावानं हाक मारणारं कुणी उरलं नाही.

नजमानं मोबाइल काढला. "नंबर दे. सासरचं काय नाव टाकू?"

"शेवंताच टाक. आणि फोन केलास की नाव घ्यायचं. नुसतं हॅलो चालणार नाही."

"व्हय बाई! अजून तश्शीच खडूस आहेस."

संध्याकाळी तिचा फोन आला. पहिल्या हाकेलाच मला स्वच्छ ऐकू आलं होतं. तरी मी म्हटलं, "आवाज येत नाही गं, पुन्हा बोल." तिच्याकडून तीनदा नाव वदवून घेतलं.

बायांनो, लग्नाआधी तुमचं नाव काय होतं? खाली लिहा. मी प्रत्येकीला त्याच नावानं उत्तर देईन.