चौदा जणांचा व्हरांडा

केशोरीच्या कारागीर सोसायटीत एक नियम होता. तो इतका चांगला होता, की तो कुणी पाळेल असं खुद्द करणाऱ्यांनाही वाटलं नव्हतं. नियम असा की इमारतीचा नकाशा आधी कागदावर काढायचा नाही, खळ्यावर काढायचा. धान चुरून झालं आणि खळं मोकळं झालं, की कोंड्याच्या राखेनं त्यावर इमारत होणार असेल तेवढीच आखायची. भिंत असेल तिथे भिंतीची रेघ, दार असेल तिथे मोकळी जागा. मग सगळ्या सभासदांनी त्या राखेच्या घरातून चालून बघायचं. ज्याला एखादी रेघ पटणार नाही त्यानं ती पायानं पुसायची. मात्र जो पुसेल त्यानंच तिथे नवी काढून दाखवायची.

नियम भैयाजींचा होता. भैयाजी नागपूरला एका नकाशेवाल्या साहेबाच्या हाताखाली दोन वर्षं राबले होते. भैयाजींनी काढलेल्या नकाशावर साहेब स्वतःचं नाव घालत. भैयाजींनी तक्रार केली नाही. एके दिवशी टी-स्क्वेअर काखेत मारून ते गावी निघून आले. स्वातंत्र्य नुकतंच मिळालेलं होतं, माणसं तेव्हा अशा गोष्टी मनाला लावून घेत. गावात त्यांनी गवंडी, सुतार आणि छपरावर कवेलू छावणारे मिळून स्वतःसकट तेरा जण जमवले आणि बावन्न साली सोसायटी नोंदवली. मुख्य मिस्त्री कुणी नाही आणि इमारतीवर नाव कुणाचं नाही. काम चांगलं झालं तर सोसायटीचं, बिघडलं तरी सोसायटीचं. ज्याला खळ्यावर सरळ रेघ आणि नेमका काटकोन काढता येईल तो शिकला असं समजायचं, आणि शिकेल त्याला सभासद करून घ्यायचं. एवढ्यावर शाळाही चालली आणि धंदाही.

बाया सोसायटीत नव्हत्या. म्हणजे कामावर होत्याच; चिखलाचा गारा त्या कालवत, विटा त्या वाहत, पाणी त्या मारत. पण बैलबंडी घेतली की जू वेगळं घ्यावं लागत नाही, तसा नवरा सभासद झाला की बायको त्यात आली असा हिशेब होता. अनुसयाबाई अशीच बकारामच्या हिश्श्यात आली होती. माहेर नवेगाव बांधचं, सासर केशोरीचं. उंच, हाडापेरानं मोठी बाई. गारा तुडवताना तिचे पाय असे पडत की जवळ उभं राहणारा आपण होऊन दोन पावलं मागे सरे. बकाराम कवेलू छावायचा. छपरावर राहायला मिळतं म्हणून त्यानं तो धंदा पत्करला, असं लोक म्हणत. त्यानं कधी नाही म्हटलं नाही.

सोसायटीचं पहिलं काम धानाच्या गोदामाचं. खळ्याच्या मधोमध चुरणीचे बैल फिरवायला जी मेढ रोवलेली असते, ती त्या वर्षी कुणी उपटली नव्हती. राखेच्या गोदामातून तेराही जण फिरले, आणि मेढीपाशी आल्यावर प्रत्येक जण वळसा घालून गेला. प्रत्येकाला वाटलं, इथे खांब आहे आणि तो दुसऱ्या कुणाच्या तरी डोक्यातून आला आहे. नियमाप्रमाणे पुसला तर नवा काढून द्यावा लागेल. कुणी पुसला नाही. गोदाम उभं राहिलं तेव्हा मधोमध विटांचा गलेलठ्ठ खांब उभा होता. त्याच्यावर छपराचा काही भार नव्हता. पोती उचलणारे त्याला धडकत आणि शिव्या देत. शिव्या सोसायटीला असत, त्यामुळे लागत कुणालाच नव्हत्या.

पंचावन्नच्या हिवाळ्यात शाळेचं काम आलं. सरकारी योजनेतून सामान मिळणार होतं, मेहनत गावाची, नकाशा सोसायटीचा. जागा गावाच्या पश्चिमेला. भैयाजींनी दोन वर्ग आखले आणि त्यांच्या पश्चिम अंगाला, शेतांच्या बाजूनं, व्हरांडा. तेरा जण राखेतून फिरले. या खेपेला मेढ आठवणीनं उपटली होती. कुणाची काही हरकत नव्हती. खळ्याशेजारच्या गाऱ्याच्या खड्ड्यातून अनुसयाबाई वर आली, गुडघ्यापर्यंत चिखल, आणि तिनं चालत जाऊन व्हरांड्याची रेघ या टोकापासून त्या टोकापर्यंत पुसली.

भोजराज गवंडी जवळ होता. "काऊन व बाई, पाय घसरला का?"

"नाही. पुसून राहिली."

"कायले?"

"शाळेची पाठ गावाकडं होऊन राहिली. गावावर रुसून बसाले शाळेचं का बिघडलं? व्हरांडा इकडं घ्या, गावाकडं."

भैयाजींनी समजावून सांगितलं. "अनुसयाबाई, पश्चिमेले व्हरांडा असला तं दुपारचं ऊन अडते. पूर्वेले नेला तं वर्ग तापल."

"तापल तं तापल. सकाळची शाळा भरवा."

हे उत्तर भैयाजींच्या दोन वर्षांच्या अभ्यासक्रमात नव्हतं.  भोजराज पुढे झाला.

"पुसाचा हक मेंबरचा आहे. तू मेंबर नाहीस."

"मंग मेंबर करा."

"बकाराम आहे नं तुया घरचा मेंबर."

"बकारामनं पुसली का रेघ? मी पुसली. नवीही मीच काढतो म्हनून राहिली."

राखेची टोपली तिनं उचलली आणि पूर्वेच्या बाजूला रेघ ओढली. ती रेघ बैल पाणी प्यायला जातो तशी वाकडीतिकडी गेली. जमलेले लोक हसले. अनुसयाबाई हसणाऱ्यांकडे बघत राहिली, आणि हसू ज्याचं त्याला जड झालं.

भोजराज बकारामकडे वळला. "गड्या, बायकोले समजाव."

"तुमी समजावा," बकाराम म्हणाला. "तुमी बारा जन आहा. मी घरी एकटा असतो."

त्या संध्याकाळी तिची रेघ कुणीतरी पुसली. सकाळी कामाला जाण्याआधी ती खळ्यावर आली आणि तिनं ती पुन्हा काढली. दुसऱ्या संध्याकाळी पुन्हा कुणीतरी पुसली. नियमाप्रमाणे पुसणाऱ्यानं नवी काढायला हवी होती, पण पुसणाऱ्यानं नाव सांगितलं असतं तर ना. हे असं बरेच दिवस चाललं. पुसणारे पुसत राहिले, ती काढत राहिली. आणि रोज काढल्यानं व्हायचं ते झालं, रेघ सरळ येऊ लागली. मग कोपरा जुळेना. भैयाजींनी, आपण कुणाच्या बाजूनं नाही असा चेहरा करून, तिला गाठी मारलेली दोरी दिली. एका बाजूला तीन गाठींचं अंतर, दुसऱ्या बाजूला चार, आणि तिरकी बाजू पाच गाठींची झाली की कोपरा काटकोन. तिनं दोरी घेतली, दोन दिवस चुकली, तिसऱ्या दिवशी कोपरा बसला. पुढे इतका बसला की भोजराजनं तो पुसायच्या आधी गुण्या लावून तपासला, असं त्याचाच मुलगा सांगत फिरला. म्हणजे पुसणारा कोण होता तेही गावाला कळलं.

सोसायटीची सभा खळ्यावरच भरली. अनुसयाबाई बोलावल्याशिवाय आली आणि बसायला सांगितल्याशिवाय बसली.

भैयाजी म्हणाले, "जिले रेघ येते, काटकोन येते, थे शिकली. शिकली तं मेंबर. नियम आपलाच आहे."

"नियम मानसाइसाठी आहे," भोजराज म्हणाला.

"मी का म्हैस आहो?" अनुसयाबाईनं विचारलं.

जागेश्वर सुतार मध्ये पडला. जागेश्वर चांगला माणूस होता. सर्वांचं म्हणणं त्याला पटायचं. "वहिनी, आमी नाही म्हनत नाही. पन तुमची रेघ चुकीची आहे हे भैयाजीनं सांगतलं. वर्ग तापल. हे तं मानता नं?"

"मानतो. तापत असल. गोदामातला थो खांब कोनाचा आहे, जागेश्वर?"

जागेश्वरनं गोदामाच्या दिशेनं पाहिलं.

"तेरा जन चुकले तं सोसायटीचा खांब झाला. कोनाचं नाव निंघालं नाही, कोनाले कामावरून काढलं नाही. मी एक रेघ पुसली तं बाईचं डोकं फिरलं. माही रेघ बरोबर आहे असं मी म्हनलंच नाही. तुमाले चुकाले भेटते. मले काऊन नाही भेटत?"

हा प्रश्न सहकाराच्या कोणत्याही भाषणात तोवर आलेला नव्हता. भाषणांमध्ये सगळे मिळून बरोबरच असतात.

भैयाजींनी मत मागितलं. ती सभासद व्हावी का, आणि व्हरांडा पूर्वेला जावा का, दोन्ही एकदमच. पहिला हात भोजराजचा वर गेला. लोक चकित झाले. "होऊ द्या," तो शेजाऱ्याच्या कानात म्हणाला, आणि ते सगळ्यांना ऐकू गेलं. "उन्हाळ्यात वर्ग पेटला की बाईची मेंबरकी आपोआप वितळते." त्यातलं राजकारण इतरांना पटलं. बाकीचे हात पटापट वर गेले. सहकारी चळवळीत एकमत कशानं होतं याचा शोध फारसा कुणी घेत नाही, ते बरंच आहे.

शाळा झाली. गावाकडे तोंड करून बसली. गावाला ती आवडली. व्हरांड्यात संध्याकाळी म्हातारे बसू लागले. चैत्रात दुपारी वर्ग तापला. भैयाजींनी सांगितलं होतं त्याहून जास्तच तापला. मास्तरांनी पोरांना पूर्वेच्या व्हरांड्यात आणून बसवलं.

एप्रिलात सरकारी बांधकामाचे ओव्हरसियर आले. गोंदियाचे, हिंदीत बोलणारे, थकलेले गृहस्थ. नवेगाव बांधला दवाखाना बांधायचा होता, आणि तो या सोसायटीला द्यावा का हे शाळा बघून त्यांनी ठरवायचं होतं. अनुसयाबाईच्या माहेरचं काम. नवेगावचं नाव निघाल्यापासून ती गारा तुडवतानासुद्धा गुणगुणत होती.

ओव्हरसियर वर्गात गेले आणि रुमालानं मान पुसत बाहेर आले. "बरामदा उल्टा किसने बनाया? ऊपर जवाब देना है. एक नाम बताइए. जिसकी गलती है उसको सोसायटी से हटा दीजिए, मैं लिख दूँगा कि सुधार हो गया. फिर नवेगाँव का काम आपका."

मागणी वाजवी होती, आणि त्यातून सुटायला फक्त एक नाव लागणार होतं. खाली उभ्या पुरुषांनी जमिनीकडे पाहिलं. भोजराजनं हनुवटी किंचित तिच्या दिशेनं नेली. "बाई आहे नं साहेब, अनुसयाबाई…"

अनुसयाबाई पुढे आली. "साहेब, वर्ग तापते. चूक आहे. मी नाही म्हनत नाही."

"तो आपका नाम लिख लूँ?"

"माहं एकटीचं नाही." ती भोजराजकडे वळली. "हात पयला कोनाचा वर गेला होता?"

"थे येगळं होतं," भोजराज म्हणाला.

"येगळं कसं? रेघ माही होती. पास झाली तवा सोसायटीची झाली. माहं नाव द्या, काढा मले. पन मंग प्रत्येक इमारतीले एक नाव पाह्यजे. बांधून ठेवलेल्या साऱ्याच इमारतीइले. आजपासून, साहेबाच्या समोर."

ती ओरडली नाही. पण भोजराजच्या चेहऱ्यावरून कळत होतं की तो मनातल्या मनात गावातल्या इमारती मोजतो आहे. त्यानं आजवर बरंच काही बांधलं होतं. चावडीमागची एक भिंत तर बघण्याइतकी वाकलेली होती.

"सोसायटीचं आहे साहेब," तो शेवटी म्हणाला. "चौदाही जनाइचं लिहा."

"चौदह को हटाऊँ?"

"हटवा," भैयाजी म्हणाले. नागपूर सोडताना ते इतकं मोठ्यानं बोलले नव्हते.

जागेश्वरला ओव्हरसियरांचंही पटत होतं. तरी तो म्हणाला, "चौदा." बकाराम छपरावर होता, त्यानं वरूनच मान हलवली.

ओव्हरसियरांनी डायरी मिटली, सायकल घेतली आणि गेले. नवेगावचं काम एका ठेकेदाराला मिळालं. त्याच साली केशोरी मध्य प्रदेशातून मुंबई राज्यात गेली, राजधानी नागपूरहून मुंबईला गेली, आणि ओव्हरसियर आले त्याच सायकलवर पुढेही येत राहिले.

ओव्हरसियर गेले त्या दुपारी मात्र कुणी घरी गेलं नाही. भोजराज कुणी सांगितल्याशिवाय बांबू आणायला गेला. शाळेच्या पश्चिमेच्या भिंतीला बांबूचा मांडव घालून त्यावर गवत पसरायचं ठरलं, सोसायटीच्या खर्चानं.

"नवेगावचं काम गेलं तुयापायी," भोजराज बांबू रोवत म्हणाला. "तुया माहेरचं."

"गेलं," अनुसयाबाई म्हणाली. बांबूचा बुंधा तिनं दोन्ही हातांनी धरला होता. तिनं एकदा नवेगावच्या रस्त्याकडे बघितलं, मग वर, बांबूच्या शेंड्याकडे. "वाकडा आहे हा."

"राहू दे," भोजराज म्हणाला. "सोसायटीचा आहे."

तिनं बुंध्याशी माती टाकली आणि पायानं ठोकली.